पंख्याचा आवाज

आमच्या शेजारचे ते गृहस्थ लंडनच्या टीव्हीवाल्यांसाठी माहितीपटांचा आवाज रेकॉर्ड करायचे. पडद्यावर कधी दिसायचे नाहीत, म्हणून आमच्या स्नेहलतागंज मोहल्ल्यातल्या अर्ध्या लोकांना ती थापच वाटायची. कान मात्र तिखट. मी गल्लीत शिरलो की ओट्यावरूनच म्हणायचे, “भिया, सायकलची चेन ढिली आहे. दूर से सुनाई देती है.”

बाबा कामाला होते ती मिल बंद झाल्यावर या शेजाऱ्यांचा गोरा साहेब त्यांना घेऊन बाबांची मुलाखत घ्यायला घरी आला. यांनी आल्या आल्या पंखा बंद करायला लावला. बाबा मिलबद्दल कोरडं, मोजकं बोलले. कॅमेरा पेटीत गेला. मग हे नेहमीसारखे म्हणाले, “अब एक मिनट कोई नहीं बोलेगा. खोलीची शांतता घ्यायची आहे, फिल्म जोडताना लागते.”

त्या शांततेत बाबांना हुंदका फुटला.

साहेबाचे डोळे चमकले. “टेपवर आलं ना?”

यांनी हेडफोन गळ्यात उतरवले. “आलं, पण खराब. पंख्याचा आवाज भरलाय.” टेप मागे घेऊन त्यांनी त्याच जागेवर पुन्हा एक मिनिट शांतता भरली.

साहेबानं वर पाहिलं, मीही पाहिलं. पंखा तासाभरापासून बंद होता.