सुटलेला पदर

पन्नासच्या दशकात आमच्या गावच्या दंडारीत, म्हणजे गावकऱ्यांच्याच नाटकात, मी बाईचं सोंग घ्यायचो. माझं नाव होतं ते डोक्यावरच्या पदरासाठी. मी पडलो, लोळलो, छाती पिटून घेतली तरी तो ढळत नसे. त्याचा मला भारी गर्व होता.

मग सिनेमाचं खूळ शिरलं. जंगलखात्यातल्या एका म्हाताऱ्या साहेबाकडून चावीचा जुना कॅमेरा मिळवला आणि एकच रीळ. गोष्ट नको, संवाद नकोत. एक बाई वैनगंगेत उतरते आणि दिसेनाशी होते, बस्स.

"याले शिनेमा म्हनतेत?" बायकोनं विचारलं.

मी भडकलो. पण कॅमेरा धरायला दुसरं होतं कोण? मार्कंड्याच्या घाटाखाली तिला उभं केलं, खटका दाबून अडकवायला शिकवलं, म्हणजे कॅमेरा आपोआप चालत राहतो, आणि वर दम भरला, "काई झालं तरी हलाचं नाई. दुसरं रीळ नाई आपल्यापाशी."

दिवाळी सरली होती, पाणी निवळलं होतं. लुगडं नेसून, डोक्यावर पदर घेऊन मी नदीत उतरलो. कंबरभर पाण्यापर्यंत सगळं ठरल्याप्रमाणे झालं. पुढच्या पावलाला तळच लागला नाही. भिजलेलं लुगडं पायांना आवळलं, नाकातोंडात पाणी गेलं. मी हात मारले, ओरडलो. घाटावर धुणं धुणाऱ्या बायांनी आणि नावाड्यांनी मला दंडारीत कितीदा तरी पाहिलेलं. त्यांनी टाळ्या वाजवल्या. एकानं तर "वन्स मोअर" म्हणून आरोळी ठोकली! मी खरोखर मरत होतो आणि माझीच कला माझ्या मुळावर उठली होती. अशी भीती मला पुन्हा कधी वाटली नाही.

दुसऱ्यांदा वर आलो तेव्हा समोर ती होती. छातीभर पाण्यात उभी, नावाड्याच्या डोंग्यातला बांबू माझ्याकडे सरकवत.

"धरा!"

वाळूवर पाणी ओकून झाल्यावर माझे पहिले शब्द होते, "रीळ कुठी हाय?" आजही त्याची लाज वाटते. कॅमेरा वाळूत आडवा पडला होता.

"काऊन टाकला?" मी तिच्यावरच तडकलो.

"पदर सुटला तुमचा," ती म्हणाली. "सोंगात कधी सुटते काय?"

रीळ मुंबईहून धुऊन आलं. माझा अभिनय पाहून मलाच कंटाळा आला. मग चित्र कलंडलं, वाळू दिसली आणि पाण्याकडे धावत सुटलेले तिचे पाठमोरे पाय. मी कात्री घेतली, स्वतःला कापून टाकलं आणि पाय ठेवले.

पुढे शाळेच्या खोलीत, खिडक्यांना घोंगड्या लावून, मी पडदा म्हणून ताणून बांधलेल्या धोतरापुढे लुगडं नेसून उभा राहू लागलो. कोरड्या जमिनीवर बुडायचो, पदर मुद्दाम सोडायचो आणि माझ्या मागे, धोतरावर, ते पाय धावायचे. हे सोंग आहे हे सगळ्यांना ठाऊक असायचं. तिलाही असायचं. तरी पदर सुटला की दर खेपेला ती चटईवरून उठायचीच.