मिठाच्या गावातला पुतळा

"आजी, तू कधी गोळी झाडलीस का?" असं तुम्ही दोघं पुण्याहून दर रविवारी विचारता. नाही झाडली. इथे नेदरलँड्सच्या पोलीस दलात मी निवृत्त होईपर्यंत काम केलं, आणि त्यातलं निम्मं काम लोकांच्या स्वयंपाकघरात बसून कॉफी पिण्याचं होतं. पण एक प्रकरण अजून मनातून जात नाही. तेच लिहिते. नावं कुणाचीच देत नाही.

तुमचे आजोबा वाखनिंगनच्या विद्यापीठात होते आणि माझी नेमणूक पार उत्तरेकडच्या एका गावात होती. ते गाव मिठावर जगायचं. जमिनीत खोलवर पाणी सोडायचं, मीठ विरघळलं की ते पाणी वर ओढायचं, अशी तिथली खाण. आमच्या प्रकरणातला पुढारी त्याच खाणीत कामाला लागला होता. मग कामगार संघटना, मग गावची परिषद, आणि शेवटी निवडून आला तो प्रांताच्या सभेत. त्याचा गावाला फार अभिमान होता. पुढे जमीन खचू लागली, घरांच्या भिंतींना तडे गेले, आणि मीठ काढायला नव्या विहिरी खणू नयेत असं मत त्यानं सभेत दिलं. त्या दिवसापासून अर्धं गाव त्याच्याशी बोलेना. खाण बंद पडली तर पोट कशावर भरायचं, असं त्यांचं म्हणणं.

एका सोमवारी तो बायकोला घेऊन ठाण्यात आला. नंबर न दिसणारे फोन येत होते. घर पेटवू, गाव सोड, असं कोणीतरी बोलत होतं. मी फिर्याद लिहून घेतली.

"तुम्ही शोधा न शोधा," तो म्हणाला, "पुढच्या आठवड्यात मी राजीनामा देतोय."

"आणि तडे गेलेल्या घरांचं काय?"

"त्या घरांतलेच कोणी फोन करत असतील तर?" त्याची बायको म्हणाली. तिचे डोळे सुजलेले होते.

बुधवारी खबर आली. पार्सल पोचवणारी एक बाई ठाण्यात येऊन सांगू लागली, की अमक्याच्या कोठारात माणसाएवढा पुतळा आहे, खुर्चीला दोरानं बांधलेला. अंगात खाणीचे कपडे, आणि चेहरा हुबेहूब त्या पुढाऱ्याचा. कोठाराचा मालक म्हणजे खाणीत वर्षानुवर्षं पुढाऱ्याच्या पाळीत काम केलेला त्याचा जिवलग मित्र. सभेतल्या त्या मतानंतर त्यानंच सर्वांसमोर त्याला गद्दार म्हटलं होतं.

पुढाऱ्याचा पुतळा म्हटल्यावर माझ्या डोळ्यांसमोर काय आलं असेल ते तुम्ही ओळखाल. आपल्याकडे चौकात पुतळा आणतात तो चपला मारायला आणि जाळायला.

दुसऱ्या दिवशी मित्राला चौकशीसाठी बोलावलं. माझा सहकारी त्याच भागातला होता.

"वकील हवा आहे का?" त्यानं विचारलं.

"नको. कॉफी असेल तर द्या."

"पुतळा कोणाचा?"

"दिसत नाही का?"

"दोर कशाला?"

"वाऱ्यासाठी."

"त्याच्यावर राग आहे?"

"आहे. चुकीचं मत दिलं त्यानं."

"धमकीचे फोन तुम्ही केलेत?"

"मी त्याच्याशी बोलत नाही. फोन कशाला करू?"

"मग पुतळा कशासाठी ते सांगा आणि घरी जा."

"शनिवारी सांगतो."

सहकाऱ्यानं माझ्याकडे पाहिलं. शनिवारी काय घडणार होतं? उठताना मात्र त्या माणसानं आपणहून एकच गोष्ट विचारली, "त्याची बायको झोपते का नीट?" इतक्या वर्षांत मी पुष्कळ संशयित पाहिले, पण ज्याला घर पेटवायचं असतं तो हे विचारत नाही.

मी तडक पुढाऱ्याच्या शेजारणीकडे गेले. तिच्या टेबलावर कागदी फुलांचा ढीग होता.

"लग्न आहे कोणाचं?"

"छे! पन्नाशी. शनिवारी." तिनं भिंतीपलीकडे, पुढाऱ्याच्या घराकडे बोट दाखवलं.

मी तिथेच खुर्चीत बसले. माणूस पन्नास वर्षांचा झाला की शेजाऱ्यांनी, मित्रांनी पहाटे त्याच्या दारात त्याच्यासारखा पुतळा आणून बसवायचा, ही इथली रीत. मला ठाऊक होती, सहकाऱ्याला तर लहानपणापासून ठाऊक. पण गाव ज्याच्याशी बोलत नाही त्याच्यासाठी कोणी हे करेल, असं आमच्या दोघांच्याही डोक्यात आलं नाही.

"तुम्ही तर बोलत नाही ना त्याच्याशी?"

"म्हणून काय झालं? शेजारी आहे तो."

"मग त्या गृहस्थानं ठाण्यात सरळ सांगायचं ना!"

"बाई, तुम्ही पोलीस. तुम्ही लगेच त्याला कळवलं असतं. मग मजा काय राहिली?"

शुक्रवारी फोनचा तपशील हाती आला. त्यासाठी सरकारी वकिलांची परवानगी आधीच घेतली होती. फोन करणारा निघाला ब्रेडाचा, देशाच्या दुसऱ्या टोकाचा. पुढाऱ्याला टीव्हीवर पाहून चिडलेला. आमच्या गावात त्यानं कधी पाऊल ठेवलं नव्हतं. तिथल्या पोलिसांनी ताब्यात घेतल्यावर त्यानं तासाभरात कबुली दिली.

पुढाऱ्याला मी घरी जाऊन सांगितलं. पुतळ्याबद्दल चकार शब्द काढला नाही.

"म्हणजे गावातलं कोणी नाही?"

"कोणी नाही."

"नक्की ना?"

"नक्की."

त्याच्या बायकोनं ओट्याला टेकून डोळे मिटले.

शनिवारी सकाळी मी साध्या कपड्यांत तिकडून चक्कर मारली. दारात पुतळा, दाराभोवती कागदी फुलं, आणि पुढारी रात्रीच्या कपड्यांतच बाहेर उभा. मित्र दोराची गाठ आवळत होता.

"एवढं आवळून बांधलंस?"

"वारा आहे. उडून गेला असतास." मग मान वर न करता तो म्हणाला, "तुझं मत चुकलंच."

"ऐकलंय मी ते."

"परत ऐक. आणि कॉफी टाक."

आपल्यावर रागावलेला माणूस आणि आपलं वाईट करणारा माणूस हे बहुतेक वेळा दोन वेगळे असतात. पोलिसांनी दोघांचीही चौकशी करावी, पण एकाचं दुसऱ्यावर ढकलू नये. हे मी त्या प्रकरणातून शिकले, आणि त्याचा उपयोग मला घरातही झाला.

राजीनामा त्यानं दिला नाही. आजही तो प्रांताच्या सभेत आहे. मित्र दर निवडणुकीत त्याच्याविरुद्ध मत देतो, आणि देऊन आला की त्याच्याच घरी जाऊन तसं सांगतो.