लाडू आणि अठ्ठेचाळीस किलो

माझी लेक ज्युदो खेळते. परदेशातल्या स्पर्धेसाठी तिची निवड झाली, पण वजन अठ्ठेचाळीस किलोंच्या वर गेलं तर तिला खेळू देणार नव्हते. निघायच्या दिवशी सकाळी मी तिला कांद्याच्या गोण्या मोजायच्या काट्यावर उभं केलं. काटा बरोबर अठ्ठेचाळीसवर थांबला.

आमच्या ओतुरात कुणी लांब निघालं की भावकीतल्या बायका गोड आणतात आणि स्वतःच्या हातानं भरवतात. दुपारपर्यंत सात जणी जमल्या. लेक माझ्याकडे बघायला लागली.

मी म्हणाले, "तिच्या वाटचं मला भरवा."

"तू चाललीस व्हय परदेशात?" थोरल्या जाऊबाई फणकारल्या. "उपाशी पोर काय लढणार?"

"वजन वाढलं तर लढायलाच मिळणार नाही, जाऊबाई."

त्यांनी लाडू तिच्या ओठांना लावला आणि माझ्या तोंडात कोंबला. बाकीच्या सहा जणींनीही तेच केलं.

तिसऱ्या दिवशी तिचा फोन आला, "आई, वजनात बसले." ती दुसऱ्या फेरीत हरली.

"लाडू खाल्ला असता तर जिंकली असती," जाऊबाई म्हणाल्या.

ती परत आली तेव्हा त्या डबा घेऊन दारातच उभ्या होत्या. या वेळी मी मध्ये पडले नाही.