मागून येणारी करंगळी

मैंदर्गीच्या स्टँडवर सोलापूरची एसटी उभी होती आणि आबा, माझे वडील, माझी गिटार घोंगड्यात गुंडाळत होते. गिटारची केस घेतलीच नव्हती. काका म्हणाले, "हे वाजवून कुनाचं भलं झालंय?" आबांनी गाठ आवळली आणि मला म्हणाले, "जा. पन रडत माघारी येऊ नगंस." मी खिडकीत बसले, वळून पाहिलं नाही. पाहिलं असतं तर उतरले असते, हे आज कबूल करते.

गावात राहिलेल्यांनो आणि माझ्यासारखं गाव सोडलेल्यांनो, माझा अल्बम कसा झाला ते ऐका, कारण सल्ले दोन्हीकडून येतात.

बंगळूरला जॅझ शिकले. दिवसा शिकवण्या, संध्याकाळी कॅफेत वादन. भाषेनं अडवलं नाही; आमचं गाव सीमेवरचं, बाजारात कन्नड सगळ्यांनाच येतं. दहा वर्षांनी स्टुडिओ मिळाला, तर निर्माता म्हणाला, "मेंढपाळाची मुलगी! बासरी घालू, मेंढ्यांच्या घंटा घालू." मी साफ नकार दिला. मी गिटार वाजवते, गावाची जत्रा भरवत नाही.

एका ठिकाणी मात्र मीच नमले. लहानपणी मेंढीच्या दाव्यात अडकून माझी डावी करंगळी मोडली होती; तिचा सूर कायम जरा उशिरा येतो. निर्मात्यानं कॉम्प्युटरवर ते सूर ओढून तालात बसवले. मला त्या बोटाची लाज होतीच. चालेल म्हटलं.

अल्बममधली एक धून मी गावी मेंढ्यांच्या कुंपणापाशी बसून बांधली होती. ती आबांना पाठवली. आबा संध्याकाळी मेंढ्या मोजत नाहीत. डोळे मिटून बसतात आणि घंटांवरून कोण आली, कोण राहिली ते सांगतात. त्यांचा फोन आला.

"चांगलं हाय की. पन ती मागनं येनारी कुटं गेली?"

मला कळेना.

"तुजी करंगळी गं. लंगडी मागं ऱ्हाती म्हून काय तिला सोडून यायचं व्हय?"

मी रडले. आबांनी बजावलं होतं तरी रडले. मग स्टुडिओत जाऊन सांगितलं, जसं वाजवलं तसं परत लावा. निर्माता म्हणाला, लोक चूक म्हणतील, मी माझं नाव काढून घेईन. म्हटलं, काढा.

अल्बम त्याच्या नावाशिवाय आला. ताल सुटतो, असं काहींनी लिहिलं. लिहू देत. काका अजून विचारतात, परत कधी येणार? येणार नाही. घोंगडं आता बंगळूरच्या खोलीत अंथरलंय. घर म्हणाल तर, माझं काय राहून गेलं हे ज्याला नुसतं ऐकून कळतं, तो माणूस माझं घर.

आबांनी सगळा अल्बम ऐकला आणि फोन केला. "आल्या समद्या," म्हणाले, आणि कुंपण लावायला गेले.