मथुराबाईंचा लेनर्ड

एमाचा फोन आला तेव्हा मी नेदरलँड्समधल्या नायमेखनच्या स्टेशनवर सायकल लावत होतो. "बाबा गेले," एवढंच ती म्हणाली. त्याला आता महिना होईल.

लेनर्ड आजोबा ब्रिटिश सिनेमा-टीव्हीतले जुने नट. नाव कुणाला आठवणार नाही, चेहरा कदाचित आठवेल. स्पॅनिश वेटर, ग्रीक तस्कर, तुर्की पोलीस... दोन वाक्यं बोलून पडद्यावरून निघून जाणारी माणसं त्यांनी जन्मभर केली. म्हातारपणी ते इथे मुलीकडे, एमाकडे, राहायला आले. मी शेजारी भाड्याने राहत होतो. एकदा नदीकाठच्या बाकावर बसून मी फोनवर उमरग्याला आईशी बोलत होतो. फोन ठेवला तसं शेजारून कुणी विचारलं, "जेवली का आई?" मी दचकलोच. "देवळालीत जन्मलो," ते इंग्रजीत म्हणाले. "वडील इंग्रज, लष्करात. घरी कामाला एक बाई होती, मथुरा. तिच्याकडून शिकलो." त्यांची मराठी स्वयंपाकघरापुरतीच होती.

मग आमचं बसणं रोजचं झालं. एकदा त्यांनी सांगितलं, तरुणपणी एका मालिकेत त्यांना भारतीय डॉक्टरचं काम मिळत होतं, पण दिग्दर्शक म्हणाला, तू भारतीय वाटत नाहीस. "इतकं बरं वाटलं मला," ते हसले. त्यात बरं वाटण्यासारखं काय, ते मला कळलं नाही.

एका संध्याकाळी त्यांनी विचारलं, "तुझी आई काय करते?"

"वसतिगृहात स्वयंपाक. तिच्या भाकऱ्यांवरच शिकलो मी. घरातला पहिला पदवीधर."

"ऑफिसात सांगतोस हे?"

"डबा उघडला की आधी तेच सांगतो."

त्यांनी तोंड पाण्याकडे वळवलं. मग म्हणाले, "मथुरा कामाला नव्हती. माझी आई होती ती."

लंडनला आल्यावरही मथुराबाई त्यांच्याच घरात होत्या. पण कामं मिळायची ती गोरेपणावर, म्हणून सिनेमाची मंडळी आली की आजोबा सांगायचे, ही आमची स्वयंपाकीण. "ती मान खाली घालून ट्रे आणायची. मला सर म्हणायची. आमच्या घरात खरी नटी तीच." पुढे बायकोला तेच सांगितलं, मुलीलाही तेच. "एमा तिला हाक मारून बूट आणायला लावायची... आणि मी बघत बसायचो. आता कोणत्या तोंडाने सांगू?"

"तुम्हीच सांगा, आजोबा," मी म्हणालो. त्यांच्या लाजेने माझीच मान वर होत नव्हती.

शेवटच्या आजारात त्यांनी एमाला सांगितलं. त्यानंतर एमा काही दिवस त्यांच्या खोलीत फक्त औषध द्यायला जायची, बोलायची नाही. माझ्या दारात येऊन एवढंच म्हणाली, "ती माझे बूट पुसूनही द्यायची रे."

अंत्यविधीनंतरच्या कॉफीच्या वेळी तिने टेबलावर एकच फोटो ठेवला होता. लंडनच्या घरात सिनेमाची मंडळी, मधोमध तरुण लेनर्ड, कडेला ट्रे धरलेली साडीतली बाई. लंडनहून आलेल्या त्यांच्या एका म्हाताऱ्या मैत्रिणीने चष्मा लावला. "अगं, ही तुमची स्वयंपाकीण ना? काय चहा करायची!"

एमाचा चेहरा कानापर्यंत लाल झाला. "बाबांची आई," ती म्हणाली. "माझी आजी."

त्या मैत्रिणीने कप खाली ठेवला. मीही मग फोटो हातात घेऊन पाहिला. सगळे कॅमेऱ्याकडे बघत होते, लेनर्डसुद्धा. मथुराबाई तेवढ्या लेनर्डकडे बघत होत्या.