कथील वितळेपर्यंत

कल्हईवाले चाचा भट्टीपुढे बसले की कुणाची बडबड चालू देत नसत. देऊळघाटातली आमची सगळी गल्ली पितळी भांडी घेऊन त्यांच्याभोवती जमायची. माझे वडील शाळेत शिक्षक, पण चाचा त्यांनाही खुशाल दटावायचे, "मास्तर, कथील पाणी होऊ द्या, मंग बोला." मला त्याची भारी गंमत वाटायची.

तापलेल्या पातेल्यात चाचा आधी नवसागराची चिमूट टाकत. भपकन पांढरा धूर उठायचा, सगळे खोकायचे आणि चाचांना हसू यायचं. "हा नवसागर मोठा उतावळा! याले वितळाचाबी धीर नाही. सीधा धूर होते." मग कथलाची कांडी आत फिरवायची. तिचं घट्ट टोक बघता बघता पातळ व्हायचं आणि ते थिजायच्या आत चाचा कापसाच्या बोळ्याने पातेलंभर पसरवायचे. पिवळं पातेलं आतून चांदीसारखं लखलखायचं. स्वतःच्या कामावर इतका खूश माणूस मी दुसरा पाहिला नाही.

अलीकडे त्यांच्या डोळ्यांत मोतीबिंदू वाढला. कथील सगळीकडे पोचेना, पितळ मधेमधे उघडं राहू लागलं. गल्लीतल्या लोकांनी हळूहळू भांडी माळ्यावर टाकली. आई मात्र दर वेळी पातेलं देत राहिली. उघड्या पितळात कढी कळकते, म्हणून ती कढी स्टीलच्या भांड्यात करायची आणि चाचांच्या पातेल्यात तांदूळ भरून ठेवायची. चाचांना हे कळता कामा नये, अशी आम्हाला सक्त ताकीद होती.

ऑपरेशनला ते तयार होईनात. "जेवढं दिसून राह्यलं, तेबी गेलं त?" शेवटी आईनेच त्यांना भरीला घातलं आणि मी त्यांना बुलढाण्याला नेलं. ऑपरेशननंतर डोळ्यांवरची पट्टी निघाली. चाचांनी डोळे मिचकावले, माझ्याकडे निरखून पाहिलं आणि म्हणाले, "काऊन बे, तुह्या शर्टाची गुंडी तुटली काय?" मी त्यांना तिथेच मिठी मारली.

बरे झाल्यावर ते आमच्या घरी आले आणि त्यांची नजर नेमकी त्या पातेल्यावर गेली. तांदूळ परातीत ओतून त्यांनी आत बोट फिरवलं.

"भाभी, हे म्या केलं? मले काऊन नाही सांगतलं?"

"सांगतलं असतं त तुम्ही भट्टीच मोडली असती," आई म्हणाली.

चाचा पातेलं काखेत मारून बाहेर पडले ते थेट शेजारच्या दारात. "माह्यं बिघडलेलं काम वापस द्या," ते प्रत्येक घरी सांगत होते. लोक माळ्यावरची भांडी काढून देत होते. आई उंबऱ्यात उभी राहून पदराने डोळे पुसत होती. मला मात्र एकदम सुटल्यासारखं झालं. आता चाचांपासून आमच्या घरात लपवायचं काही उरलं नव्हतं.