ब्रिगेडियर पाचवा आणि हळदीची पिशवी

इंग्लंडमधल्या आमच्या स्लाऊच्या घरात गुरं पाळायची पद्धत नव्हती. मी ब्रॅकनेलच्या एका कंपनीत कॉम्प्युटरशी बोलायचो, सौ. सुलभा एका शाळेच्या ऑफिसात होती, आणि मागच्या बागेत जिवंत म्हणावं असं फक्त पुदिन्याचा वाफा होता. (तोही अर्धमेला.)

ऐंशीचं दशक संपत आलं होतं. आमची मीरा दोन तासांवरच्या एका युनिव्हर्सिटीत शिकत होती. ईस्टरच्या सुट्टीत तिचा फोन आला.

"बाबा, मी घरी येते. ब्रिगेडियर पण येतो. फक्त तीन दिवस."

मुलगी वीस वर्षांची, आणि थेट ब्रिगेडियर!

"वय काय गं त्यांचं?"

"चार. बाबा, तो बोकड आहे!"

ब्रिगेडियर हा त्यांच्या रग्बी टीमचा मॅस्कॉट. फार पूर्वी कुणा विद्यार्थ्यानं समोरच्या टीमला घाबरवायला शेतावरून एक बोकड आणला होता. ती मॅच जिंकली, आणि तेव्हापासून प्रत्येक मॅचला निळी झूल घालून पांढराशुभ्र बोकड मैदानात मिरवायची प्रथा पडली. दुसऱ्या ब्रिगेडियरनं रेफ्रीची शिट्टी गिळली होती, तिसरा वारला तेव्हा अख्ख्या टीमनं काळ्या पट्ट्या बांधल्या होत्या. हा पाचवा. त्याला सांभाळणारा शेतकरी अचानक हॉस्पिटलात गेला होता आणि शनिवारी वर्षातली सगळ्यात मोठी मॅच होती. मीरा त्या बोकडाची सेक्रेटरी! या पदावर बसलेली पहिली मुलगी, आणि पहिली आपली.

"ग्रॅहॅम म्हणाला होता, मुलींना हे जमणार नाही," ती म्हणाली. ग्रॅहॅम म्हणजे टीमचा कॅप्टन. "म्हणून काही चुकायला नको, बाबा. माझी नाव जाईल."

"माझं नाव," मी व्याकरण सुधारलं. (पुढे गेलं ते तिचंच.)

शुक्रवारी मीरा आणि सुलभा झुलीला नवी फीत आणायला हाय स्ट्रीटवर गेल्या. जाताना मीरानं बजावलं, "बाबा, तुम्ही फक्त बघत बसा. काहीही करू नका. प्लीज!"

मी बघत बसलो. वीस मिनिटं उत्तम बघितलं. मग ब्रिगेडियरनं शेजारच्या मिसेस बेकरच्या गुलाबात तोंड घातलं आणि त्याच्या कानावर रक्ताचा एक थेंब आला. एकच! पण आपला हात कुठे गप्प बसतो? मी स्वयंपाकघरातून हळद आणली. चमचाभर आणावी की नाही? घाईत अख्खी दोन किलोची पिशवी उचलली. चिमूट त्याच्या कानाला लावायला वाकलो, तर त्यानं मुंडी हाणली ती नेमकी पिशवीत.

आमच्या बागेत जेजुरी अवतरली! बोकड पिवळा, मी पिवळा, मिसेस बेकरच्या दोरीवरच्या चादरी पिवळ्या.

"मिस्टर जोशी, इज दॅट अ फेस्टिव्हल?" कुंपणापलीकडून मिसेस बेकरनी विचारलं.

"येस," मी म्हणालो. दुसरं काय म्हणणार?

इथे थांबलो असतो तरी निभावलं असतं. पण मी साबण आणला. हळदीला चुना लागला की कुंकू होतं, हे मला लहानपणापासून ठाऊक होतं. साबणानंही होतं, हे त्या दुपारी कळलं. जिथे जिथे घासलं तिथे बोकड लालभडक झाला, आणि जिथे हात पोचला नाही तिथे पिवळा राहिला. हळदीकुंकवाला निघालेल्या सवाष्णीसारखा तो माझ्याकडे बघत उभा होता.

मीरा परत आली आणि दारातच खाली बसली. ओरडली नाही. ओरडली असती तर बरं झालं असतं.

"बाबा," ती अगदी हळू म्हणाली, "उद्याच्या दुसऱ्या टीमची कलर काय आहे, माहितीये?"

"काय?"

"रेड अँड यलो."

"अहो, तुम्हाला बघत बसा सांगितलं होतं ना!" सुलभानं कपाळावर हात मारला. मग सोडा झाला, खोबरेल झालं, डाळीचं पीठ झालं. बोकडानं पीठ चाटून खाल्लं. रंग तसाच!

शनिवारी आम्ही तिघंही युनिव्हर्सिटीत गेलो, आणि मीरा त्याला झूल घालून मैदानात घेऊन गेली. झुलीखालून लालपिवळं तोंड आणि लालपिवळे पाय. समोरच्या टीमच्या लोकांनी आनंदानं आरोळ्या ठोकल्या. आमच्या बाजूला मात्र संतापाची गर्जना! सगळ्यांना वाटलं, त्यांनीच रात्रीत आपला बोकड रंगवला. ग्रॅहॅम, दाराएवढा माणूस, मुठी आवळून समोरच्या कॅप्टनकडे निघाला. तो बिचारा "वी डिडन्ट!" म्हणत मागे सरकत होता. मीरा खरं सांगायला पुढे होणार, तेवढ्यात मीच मैदानाची दोरी ओलांडली.

"जेंटलमेन!" मी ओरडलो. "इट वॉज मी. इट इज टर्मरिक!"

माझी नखं अजून पिवळी होती. ती मी पुरावा म्हणून वर धरली.

मॅच आम्ही हरलो. जनावरांच्या डॉक्टरांनी ब्रिगेडियरला ठणठणीत ठरवलं आणि तो कायमचा शेतावर गेला. कमिटीनं ठरवलं, यापुढे जिवंत बोकड नाही, बोकडाच्या पोशाखातला माणूस. बोकडच नाही म्हटल्यावर सेक्रेटरीचं पदही गेलं. मीरानं पत्रात मला एवढंच कळवलं. उन्हाळाभर ती तिकडेच राहिली, आणि तिचे फोन आले ते आईला. मी उचलला की, "आई आहे?" मी रोज ऑफिसातून येऊन फोनशेजारी बसायचो आणि तेवढे दोन शब्द ऐकून रिसीव्हर सुलभाकडे द्यायचो.

ऑक्टोबरात मात्र ती माझ्याशीच बोलायला थांबली.

"बाबा, तुमची हाइट किती?"

"पाच फूट चार. का गं?"

"कॉश्च्यूम छोटा शिवलाय. टीममधला कुणीच मावत नाही. उद्या मॅच आहे." मग जरा थांबून, "याल का?"

मी चालत गेलो असतो! दुसऱ्या दिवशी शिंगं, शेपूट आणि निळी झूल लावून मी मैदानाला तीन फेऱ्या मारल्या. दोनदा पडलो, एकदा चुकीच्या टीमला सलाम ठोकला. मीरा हसून हसून रडत होती. सहा महिन्यांनी तिला हसताना बघत होतो, बोकडाच्या नाकपुडीतून.

बाहेर पडताना दोन म्हातारे सभासद माझ्याजवळून गेले. एक दुसऱ्याला म्हणाला, "बिचारा. आधीचा बराच हुशार होता!"